खोकल्याच्या यादीत माझं नाव नव्हतं

आधीच सांगते, मी बरी झाले आहे. सहा महिन्यांची औषधं पूर्ण झाली, गेलेलं वजन परत आलं, थोडं जास्तच आलं. ज्यांना टीबी झाला आहे आणि यातून माणूस उठतं की नाही एवढंच जाणून घ्यायचं आहे, त्यांनी इथेच थांबायला हरकत नाही. उठतं. गोळ्या चुकवू नका.

पुढचं लिहिते आहे ते वेगळ्या कारणासाठी. आजाराचा त्रास शरीराला झाला आणि त्यावर औषध होतं. आजार कळण्याआधी सात आठवडे मी जे केलं, त्यावर नव्हतं. ती चूक होती, पाप होतं की नुसतं नशीब, हे मी अनेकांना विचारलं. प्रत्येकाने वेगळं सांगितलं.

*

मी अंगणवाडी सेविका आहे. शहापूरहून मुरबाडकडे जाणाऱ्या रस्त्याला आत वळलं की आमचं गाव. एक खोली, एकोणीस मुलं, मी आणि मदतनीस सखूबाई. सखूबाई माझ्यापेक्षा दहा वर्षांनी मोठी. खिचडी ती शिजवते, मुलांना घरून ती आणते. तिची नात चिमी याच अंगणवाडीत, तीन वर्षांची. चिमी सतरंजीवर बसत नाही, माझ्या मांडीवर बसते.

वर्षातून एकदा आम्ही दोघी घरोघर जाऊन विचारतो. दोन आठवड्यांपेक्षा जास्त खोकला आहे का? संध्याकाळी ताप येतो का? कपडे सैल झालेत का? 'हो' म्हणेल त्याचं नाव वहीत लिहायचं आणि बेडका आणण्यासाठी प्लास्टिकची डबी द्यायची. त्या वर्षी जूनमध्ये सात नावं झाली. सहा जणांनी डब्या भरून दिल्या. सातवा सखूबाईचा नवरा, धर्मा. त्याने डबीत तंबाखू ठेवायला सुरुवात केली.

मी त्याला त्याच्याच अंगणात, चारचौघांत बोलले. "धर्माभाऊ, तुमच्यासारख्यांमुळे गावाचं वाटोळं होतं. घरात लहान पोर आहे, लाज वाटत नाही?"

धर्मा हसला. "बाई, माजा खोकला बिडीचा हाय. बिडीला कदी टीबी होतो काय?"

बायका हसल्या. मला राग आला. बरोबर असलेल्या माणसाला येतो तसा, स्वच्छ राग.

*

जुलैत भाताची आवणी, म्हणजे रोपांची लावणी, संपता संपता मला खोकला लागला.

इथे खिडक्यांबद्दल सांगायला हवं. पावसाळ्याआधी पश्चिमेच्या खिडक्यांना ताडपत्री ठोकायची ही आमच्याकडची रीत आहे, नाहीतर झड थेट चुलीपर्यंत येते. अंगणवाडीची ताडपत्री मी स्वतः स्टुलावर चढून ठोकते. त्या वर्षी पूर्वेची खिडकीही मोडकी होती, म्हणून तिलाही ठोकली. खोली कोरडी, उबदार आणि बंद झाली. मुलांना सर्दी कमी होईल म्हणून मी माझ्यावर खूश होते.

पहिल्या आठवड्यात म्हटलं, भिजल्यामुळे. तिसऱ्यात अडुळशाचा काढा घेतला. पाचव्यात साडीच्या निऱ्या दोन जास्त पडायला लागल्या. सहाव्या आठवड्यात मी घरी माझं ताट आणि तांब्या वेगळा ठेवला. कुणाला काही बोलले नाही.

म्हणजे मला माहीत होतं. माहीत नसलेला माणूस ताट वेगळं ठेवत नाही.

यात एक विनोदही आहे. टीबी ताट-तांब्यातून पसरत नाही, बंद खोलीतल्या हवेतून पसरतो, हे मी गावाला शंभर वेळा सांगितलं आहे. तरी मी खबरदारी घेतली ती ताटाची. काळजी घेतल्याचं समाधान मिळालं, आणि सकाळी दहा वाजता त्याच बंद खोलीत चिमीला मांडीवर घेऊन बडबडगीत म्हणायला मी मोकळी.

सखूबाई एकदा तांदूळ निवडता निवडता म्हणाली, "बाई, तुजं नाव लिव ना वहीत. धर्माच्या खाली जागा हाय."

"सखूबाई, चुलीकडे बघा, उतू जातंय," मी म्हटलं.

उतू जात नव्हतं.

मी तपासणी का करून घेतली नाही, यावर नंतर खूप विचार केला. वेळ नव्हता असं नाही. भीती होती, पण तीही मोठी नाही. टीबी कुणालाही होऊ शकतो, असं मी लोकांना सांगायचे. मनात माझी वेगळी यादी होती. बिडी ओढणारे, दारू पिणारे, कुठेही थुंकणारे, अडाणी. आजार हा वाईट वागण्याचा निकाल आहे असं मी, एकवीस वर्षं आरोग्याचे तक्ते भिंतीला लावणारी बाई, आतून मानत होते. मी चांगली वागत होते, म्हणून मला होणार नव्हता.

*

गणपतीच्या आधी आठवडाभर हातरुमालावर रक्त आलं. रुमाल धुतला, वाळत घातला आणि टमटमने तालुक्याच्या दवाखान्यात गेले. एकटीच.

खिडकीतल्या माणसाने मला डबी दिली. तीच, निळ्या झाकणाची. "सकाळचा पहिला, खोलवरून काढलेला..." तो सांगायला लागला. "माहीत आहे," मी म्हटलं.

दुसऱ्या दिवशी निकाल आला. डॉक्टरीणबाई माझ्या मुलीएवढ्या असतील.

"काकू, टीबी आहे. पूर्ण बरा होतो. काय करता तुम्ही?"

"अंगणवाडी सेविका."

लिहिता लिहिता त्या थांबल्या. "मुलं किती?"

"एकोणीस."

"खोकला कधीपासून?"

"दोन आठवडे," मी म्हटलं.

हे मी ठरवून बोलले नाही. पण तोंडातून निघाल्यावर दुरुस्तही केलं नाही. त्या म्हणाल्या, मुलांची यादी लागेल, लहान पोरांना लवकर पकडतो आणि जोरात पकडतो. मी म्हटलं, देते दोन-तीन दिवसांत.

ताप उतरत नव्हता आणि पहिल्याच गोळ्यांनी सगळं उलटून पडलं, म्हणून मला ठेवून घेतलं. संध्याकाळी नवरा आला, दिनकर. तोंडाला रुमाल, हातात डबा. तो वाईट माणूस नाही. त्याचं म्हणणं साधं होतं. आमच्या प्राचीचं आसनगावच्या मुलाशी जमत आलं होतं आणि दसऱ्याला साखरपुडा ठरत होता.

"महिनाभर न्युमोनिया सांगू. मग काय ते सांग."

"आणि पोरं?"

"आपल्या मनात कुनाचं वाईट व्हावं असं व्हतं का? नाय ना? मग पाप कसलं?"

मला ते पटलं. पटवून घेण्याची माझी तयारी होती, एवढंच ते पटणं होतं.

*

वॉर्डाच्या टोकाला दोन खाटांची खोली होती. पहाटे फिनेलचा वास, मग चहा, मग गोळ्या, मग ओकारी येते की नाही याची वाट बघणं. दहाला डॉक्टर. दुपारी पंखा बंद. गोळ्यांनी लघवी केशरी होते, ते पहिल्यांदा बघून मी घाबरले. लोकांना मी ते वर्षानुवर्षं सांगत आले होते, तरीही. लहान उपकारही होते. झाडलोट करणारी मावशी माझी खिडकी रोज न सांगता उघडायची.

दुसऱ्या खाटेवर मुरबाडकडची एक म्हातारी होती. तिसऱ्या दिवशी तिने, गाव कोणतं म्हणून विचारावं तसं विचारलं, "तुजं पाप काय गो?"

"म्हणजे?"

"पापाबिगर येतो का ह्यो रोग? मी सवतीच्या कोंबडीला धोंडा मारलेला. मेली."

"कोण, सवत?"

"नाय गो, कोंबडी. सवत अजून हाय."

मी हसले, हसताना खोकला आला, खोकला थांबल्यावर म्हटलं, "मी काही पाप केलं नाही. नुसता खोकला होता. सात आठवडे."

सात हा आकडा मी पहिल्यांदा मोठ्याने उच्चारला तो तिच्यासमोर.

"पोरं हायत लहान?"

"एकोणीस."

ती उठून बसली. "एकोनीस? नवरा येकच ना?"

मग अंगणवाडी, बंद खोली, ताडपत्री, सगळं सांगितलं. ती ऐकत होती. कोंबडीवाली म्हातारी, जंतू म्हणजे काय ते तिला ठाऊक नव्हतं.

"त्यांच्या आयांना ठावं हाय?"

"नाही."

"मग तू हितं काय निजलीस?"

एवढं बोलून ती भिंतीकडे तोंड करून झोपली. मला झोप लागली नाही असं लिहिण्याची पद्धत आहे, पण गोळ्यांमुळे मला चांगली झोप लागली. सकाळी डॉक्टरीणबाई आल्यावर मी कागद मागितला.

एकोणीस नावं वही न बघता लिहिली. पहिलं चिमीचं. वर लिहिलं, खोकला दोन नाही, सात आठवडे. कागद देताना म्हटलं, "मी तुमच्याशी खोटं बोलले. फार वाईट केलं."

त्यांनी नावं वाचली. "ते नंतर बघू काकू. वयं लिहायची राहिली."

मी वयं लिहिली. त्या म्हणाल्या, आमची माणसं गावात जाऊन मुलं तपासतील. तुमचं नाव कुणी घेणार नाही, तसा नियमच आहे.

सुटका समोर ठेवलेली होती, आणि नियमाची होती. पण आमची माणसं मी ओळखते. दवाखान्याची गाडी कारण न सांगता आली तर निम्म्या आया पोरांना घेऊन माहेरी जातील. कारण कळलं तरच त्या थांबतील, आणि ते माझ्याच तोंडून कळायला हवं होतं. यात माझा मोठेपणा काही नाही. मुलांची तपासणी व्हायची असेल तर हाच एक रस्ता होता.

*

ताप उतरल्यावर मला घरी सोडलं. मी आयांना सगळं सांगणार हे ऐकून दिनकर दोन दिवस बोलला नाही. प्राची बोलली.

"तुला खरं बोलायला हाच महिना सापडला?"

"महिना मी निवडला नाही."

"सात आठवडे निवडलेस ना?"

ती वाशिंदला कंपनीत हिशेब तपासते. चूक कुठे आहे ते तिला बरोबर सापडतं. त्यानंतर अकरा दिवस ती माझ्याशी बोलली नाही, पण गोळ्यांच्या वेळेला ताटात भाकरी असायची.

*

दोन आठवडे औषध पोटात गेल्यावर डॉक्टरीणबाईंनी परवानगी दिली. मी आयांना अंगणवाडीच्या बाहेर, चिंचेखाली बोलावलं. तोंडाला मास्क लावून लांब उभी राहिले आणि सरळ सांगितलं. मला टीबी आहे. सात आठवडे खोकत मी तुमच्या पोरांना घेऊन बंद खोलीत बसले. चौथ्या-पाचव्या आठवड्यापासून मला शंका होती. परवा गाडी येईल. सगळ्यांना आणा, एकही चुकवू नका.

कुणी ओरडलं नाही. ओरडतील म्हणून मी तयारी केली होती, ती वाया गेली.

एक आई म्हणाली, "आमाला रोज हात धुवायला शिकवत व्हतीस गो बाई."

दुसरीने पोराला कमरेवर घट्ट धरलं आणि निघून गेली. सखूबाई जमिनीकडे बघत होती. "मी बोल्ले व्हते," ती म्हणाली. "वहीत जागा व्हती."

धर्मा कुंपणाला टेकून उभा होता. बिडी विझवून तो पुढे आला. मला वाटलं, आता मारतो.

"बाई," तो म्हणाला, "घरात लहान पोर हाय, लाज वाटत नाय?"

माझंच वाक्य होतं. त्याने त्यात काही वाढवलं नाही की कमी केलं नाही.

"वाटते," मी म्हटलं.

त्याने हात पुढे केला. मग म्हणाला, "डबी दे येक. जुनीला तंबाखूचा वास लागलाय."

*

गाडी आली तेव्हा एकोणीसच्या एकोणीस मुलं हजर होती. पोराला घेऊन निघून गेलेली आई सगळ्यात आधी रांगेत होती. अठरा मुलं ठीक निघाली, त्यांना खबरदारीचं औषध सुरू झालं. चिमीच्या मानेला उजव्या बाजूला गाठ होती. कल्याणला नेऊन सुई घालून तपासली. टीबी.

त्याच आठवड्यात धर्माचा निकाल आला. त्यालाही टीबी.

मी डॉक्टरीणबाईंना विचारलं, "चिमीला कुणाकडून आला?"

"सांगता येत नाही. तुमच्याकडून किंवा आजोबांकडून. दोघांबरोबरही ती बंद खोलीत असायची."

गावाला मात्र सांगता आलं. दोन दिवसांत ठरलं की पोरीला म्हाताऱ्याने दिला. तो बिडी ओढतो, तो पितो, त्याने डबीत तंबाखू ठेवली. वाटेत भेटणाऱ्या आया मला म्हणायला लागल्या, "बाई, तुमचा नाय तो दोष." माझी मनातली यादी आता सगळ्या गावाची झाली होती, आणि मी नेहमीसारखी तिच्या बाहेर होते. तीन दिवस मी ते चालू दिलं. बरं वाटत होतं.

त्या तीन दिवसांत मला जे कळलं ते असं. समजा चिमीला गाठ आलीच नसती. एकोणीस मुलं धडधाकट निघाली असती. मग सगळे म्हणाले असते, थोडक्यात वाचलो, आणि मीही विसरले असते. पण मी केलं ते तेवढंच राहिलं असतं. बंद खोली तीच, खोकला तोच, माहीत असणं तेच. गाठ आली म्हणून माझं वागणं वाईट झालं नाही, गाठ आली म्हणून ते मला दिसलं. आणि गाठ धर्मामुळे आली असली, तरी माझ्या सात आठवड्यांतला एक दिवसही कमी होत नाही. धर्माला खरंच वाटत होतं की खोकला बिडीचा आहे. माझ्या बाबतीत वाटण्याचा प्रश्नच नव्हता, मला माहीत होतं. आमच्या दोघांत जास्त दोष कुणाचा, हे ठरवायला डॉक्टर लागत नाही.

चौथ्या दिवशी सखूबाईला तिच्या ओट्यावर जाऊन हे सांगितलं. धर्मा आत झोपला होता.

"लोक धर्माभाऊंचं नाव घेतायत. माझ्याकडूनही आला असेल."

"आसंल," सखूबाई म्हणाली. "मग काय करू? तुला मारू? पोरीला गोली कोन पाजनार ते सांग. तिची आय वाशिंदला कामाला जाते सकाली, आनि माज्या हातून ती पोर थुंकते."

"मी येते."

"रोज ये. इतवारी पन."

वाटेत भेटलेल्या एका आईलाही मी तेच सांगितलं. ती म्हणाली, "जाऊ द्या बाई, पोर बरी झाली की झालं." हेही एक मत आहे. त्याने झोप चांगली लागत असावी.

*

रोज सकाळी सातला सखूबाईच्या ओट्यावर तिघांचं औषध. धर्माचं, माझं, चिमीचं. चिमीच्या गोळ्या वाटीत पाण्यात विरघळवायच्या. पहिल्या दिवशी तिने भिंतीवर फवारा मारला. दुसऱ्या दिवशी मी माझी गोळी तिला दाखवून गिळली.

"आ कर," चिमी म्हणाली.

मी आ केला. तिने आत बघितलं, जिभेखाली बघितलं आणि मग स्वतःची वाटी तोंडाला लावली. त्या दिवसापासून तो नियम झाला. आधी बाईने गिळायची, आ करायचा, मग चिमी. धर्माला ती तपासायची नाही. "बाबा खोता नाय बोलत," असं तिचं म्हणणं. कारण विचारण्यात अर्थ नव्हता.

आसनगावचे लोक 'बघू' म्हणाले होते. ते अजून बघतायत. प्राचीने एकदा भाकऱ्या थापता थापता म्हटलं, "लग्नानंतर कळलं असतं तर त्यांनी मला तिथे बघून घेतलं असतं." मी यातून मला माफी मिळाली असा अर्थ काढत नाही. वाक्य फक्त लिहून ठेवते आहे.

*

फेब्रुवारीच्या शेवटी माझं औषध संपलं. चिमीचं उशिरा सुरू झालेलं, दीड महिना बाकी होता. दुसऱ्या दिवशी मी रिकाम्या हाताने गेले. चिमीने वाटी ढकलली.

"बाईची गोली?"

"माझ्या संपल्या. मी बरी झाले."

"मग माज्या पन संपल्या."

अर्धा तास समजावण्यात घातला. सखूबाईने आतून एक शेंगदाणा आणून माझ्या तळहातावर ठेवला आणि हळूच म्हणाली, "गील. पोरीला काय कलतंय."

मी शेंगदाण्याकडे बघत बसले. खोटं बोलणं हा किती सरळ गुन्हा आहे असं मी सहा महिने स्वतःला बजावलं होतं. हे नवं खोटं चिमीसाठी आहे म्हणून चांगलं, असं म्हणायला माझी जीभ वळेना, कारण ते जुनं न्युमोनियाचं खोटंही प्राचीसाठीच आहे असं आम्ही म्हणत होतो. कुणासाठी, या प्रश्नाला माणूस हवं ते उत्तर देतं. म्हणून मी उलटं विचारलं: याचा त्रास कुणाला होणार? त्या वेळी झाला तो एकोणीस पोरांना आणि त्यांच्या आयांना, त्यांना न विचारता. आज फसणारी चिमी, आणि बरी होणारीही चिमीच. तिच्या आईला मी संध्याकाळी सांगू शकत होते. आणि सांगितलं. ती हसली, म्हणाली, भाजलेला घ्या, कच्च्याने खोकला येतो.

हे उत्तर सगळीकडे चालेल असं मी म्हणत नाही. त्या ओट्यावर चाललं.

दीड महिना मी रोज एक शेंगदाणा न चावता गिळला. पाण्याशिवाय जात नाही, सांगून ठेवते. गाठ हळूहळू बसली. धर्माचा खोकला थांबला, बिडी नाही थांबली. पूर्वेच्या खिडकीला मी लोखंडी गज बसवून घेतले, आणि यंदा ताडपत्री एकाही खिडकीला ठोकलेली नाही. सतरंजी भिजते, आया कुरकुर करतात.

जूनमधल्या घरोघरच्या चौकशीला आता माझ्या घरापासून सुरुवात होते. सखूबाई दारात उभी राहून विचारते आणि मी उत्तर देते. तिला लिहिता येत नाही, म्हणून वहीत माझं नाव मलाच लिहावं लागतं.

चिमीच्या औषधाच्या शेवटच्या दिवशी ओट्यावर मी सवयीने शेंगदाणा गिळला आणि आ केला. चिमीने माझी हनुवटी धरून उजेडाकडे वळवली. जिभेवर बघितलं, जिभेखाली बघितलं, दोन्ही गालांत बघितलं. इतका वेळ तिने कधीच लावला नव्हता.

"गेली," ती म्हणाली, आणि वाटी उचलली.